विलंब कोणाचा, माफी कोणाला?

न्यायालयाचा निकाल हा फक्त वकिलांनी वाचायचा मजकूर आहे, अशी आपल्याकडे समजूत आहे. कवितेची समीक्षा होते, आत्मकथनांवर चर्चासत्रे भरतात. पण ज्या मजकुरामुळे एखाद्या कुटुंबाची जमीन राहते किंवा जाते, तो मजकूर आपण समीक्षेच्या वेशीबाहेर ठेवतो. वास्तविक निकालपत्रातही कोणीतरी सांगणारा असतो, ज्यांच्याविषयी सांगितले जाते अशी माणसे असतात, काळाविषयीची एक धारणा असते आणि या सर्वांच्या मुळाशी एक मूल्यव्यवस्था असते. कोणाच्या शब्दावर विश्वास ठेवला, कोणाच्या गप्प राहण्याचा कोणता अर्थ लावला, हे त्यातून वाचता येते. या दृष्टीने मराठवाड्याच्या दुष्काळातून जन्मलेला एक निकाल येथे तपासायचा आहे. महाराष्ट्र शासन विरुद्ध दिगंबर, सर्वोच्च न्यायालय, १२ मे १९९५.

माझे म्हणणे थोडक्यात असे. उशिरा आलेल्याला न्यायालय कारण विचारते, यात गैर काही नाही. परंतु शासनाच्या उशिराला कामकाजाची पद्धत म्हणायचे आणि गरिबाच्या उशिराला झोप म्हणायचे, हा भेद न्यायाच्या भाषेत मुरलेला आहे. आणि आधीचे निकाल दोन्ही बाजूंचे हाताशी असल्यामुळे, कोणता निकाल कोणाला लावायचा या निवडीतच पुष्कळदा न्याय अडकून पडतो.

१

१९७२ चा दुष्काळ मराठवाड्यात अजून कालगणनेची खूण म्हणून वापरला जातो. धाराशिव तालुक्यातील बेंबळी घ्या किंवा भोवतालचे कोणतेही गाव घ्या, जुन्या माणसांच्या बोलण्यात खडी फोडणे, सुकडी आणि लाल मिलो हे शब्द येतातच. शासनाने रस्ते, पाझर तलाव, नालाबंडिंग अशी दुष्काळी कामे काढली. मे १९७३ मध्ये राज्यभर या कामांवर जवळजवळ ५० लाख माणसे होती. या कामांनी माणसे जगवली, हे नाकारण्याचे कारण नाही. पण रस्ता हवेतून जात नाही आणि तलाव आभाळात बसत नाही. तो कोणाच्या तरी जमिनीवर येतो. ज्याची जमीन त्याखाली गेली त्याला मावेजा मिळाला का, हा प्रश्न दुष्काळ सरल्यावर उरला.

दिगंबर खटल्यातला अर्जदार असाच एक शेतकरी. १९७१-७२ च्या दुष्काळी कामात आपली जमीन वापरली गेली, भूसंपादनाची रीतसर कारवाई झाली नाही आणि मावेजाही मिळाला नाही, अशी त्याची तक्रार होती. ती घेऊन तो सुमारे वीस वर्षांनी मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात आला. कल्याणकारी राज्याने आपल्याच नागरिकापुढे विलंबाची सबब सांगू नये, अशी भूमिका घेऊन खंडपीठाने मावेजा देण्याचा आदेश दिला. शासन दिल्लीला गेले. सर्वोच्च न्यायालयाने आदेश फिरवला. अनुच्छेद २२६ खालचा दिलासा हा न्यायालयाच्या विवेकाधीन आहे. तो मागणाऱ्याने आपल्या विलंबाचे समाधानकारक स्पष्टीकरण दिले पाहिजे. वीस वर्षांच्या विलंबाचे तसे स्पष्टीकरण येथे नाही. शिवाय ही कामे दुष्काळग्रस्तांना रोजगार देण्यासाठीच काढलेली होती, असा त्या निकालाचा आशय आहे.

तर्काच्या अंगाने हा निकाल पोकळ नाही. वीस वर्षांनी मोजमाप कोण सांगणार, मस्टर कोठे सापडणार, संमती दिली होती की नव्हती याचा साक्षीदार कोण, हे प्रश्न खरे आहेत. परंतु निकालपत्रात काय आले आहे याबरोबर काय आलेले नाही, हे पाहणे समीक्षकाचे काम आहे. निकालात 'वीस वर्षे' हा आकडा आहे. त्या वीस वर्षांच्या पोटात काय होते, ते नाही.

२

ती वीस वर्षे उलगडून पाहू. बेंबळीचा माणूस १९५६ पर्यंत हैदराबाद संस्थान व राज्याचा रहिवासी होता; त्याचे उच्च न्यायालय हैदराबादला होते. भाषावार पुनर्रचनेनंतर ते मुंबईला गेले. औरंगाबादला खंडपीठ बसू लागले ते २७ ऑगस्ट १९८१ पासून, आणि कायम झाले १९८४ मध्ये. म्हणजे त्या वीस वर्षांतली पहिली नऊ-दहा वर्षे मराठवाड्याच्या शेतकऱ्याला रिट अर्ज करायचा तर मुंबईची वाट धरावी लागत होती. ज्याला तहसीलला जायचे तरी एक दिवसाची मजुरी बुडवावी लागते, त्याने मुंबईच्या वकिलाचे दार ठोठावले नाही म्हणून तो झोपला होता, असे म्हणता येईल काय?

गरिबाला मोफत कायदेशीर साहाय्य द्यावे, हे राज्यघटनेच्या अनुच्छेद ३९-अ मध्ये १९७६ साली लिहिले गेले. त्यासाठीचा विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ साली झाला आणि अंमलात आला ९ नोव्हेंबर १९९५ रोजी. दिगंबर निकाल त्याच वर्षीच्या मे महिन्यातला. राज्याने गरिबाला वकील देण्याचे वचन पाळायला एकोणीस वर्षे लावली. तो विलंब कोणत्याही निकालपत्रात मोजला गेलेला नाही. वचनाची पूर्तता होण्याआधीच गरिबाला मात्र विलंबाचा जाब विचारला गेला.

परिसीमा अधिनियम, १९६३ पाहू. मुदतीच्या हिशोबात सवलत देण्याजोगी असमर्थता म्हणून त्याच्या कलम ६ ने दोनच गोष्टी मानल्या आहेत, वयाने अज्ञान असणे आणि मानसिक असमर्थता. निरक्षरता त्यात नाही, दारिद्र्य नाही, गावाने टाकलेला बहिष्कार नाही. याच अधिनियमाच्या अनुच्छेद ६५ प्रमाणे मालकी हक्काच्या आधारे जमिनीचा ताबा मागणाऱ्या नागरिकाला बारा वर्षांची मुदत आहे. शासनाला दावा दाखल करायचा असेल तर अनुच्छेद ११२ प्रमाणे तीस वर्षे. रिट अर्जाला कायद्याने ठरवलेली मुदत नाही. तेथील विलंबाचे तत्त्व न्यायाधीशांनीच घडवले आहे. म्हणून तुलना करून पाहावी. वीस वर्षांनी शेतकरी आला तर तो उशिरा आला. तेवढ्याच वर्षांनी शासन दाव्यासाठी आले असते तर ते मुदतीच्या आत असते, आणखी दहा वर्षे हाताशी ठेवून.

कायदा जागणाऱ्याला मदत करतो, झोपणाऱ्याला नाही, असे एक जुने वचन वकिलांच्या तोंडी नेहमी असते. ज्या समाजातल्या वेसकराने पिढ्यानपिढ्या रात्रभर जागून गावाची वेस राखली, त्याच्या वारसांना हे वचन ऐकवताना जरा थांबले पाहिजे. आमची माणसे झोपलेली नव्हती. ती दुसऱ्याच्या कामावर होती. १९७८ च्या नामांतराच्या दंगलीत मराठवाड्यात ज्यांची घरे जळली, त्यांच्या दृष्टीने १९७२ च्या मावेजाचा अर्ज आधी करायचा की छपराची सोय आधी करायची, हा प्रश्नच नव्हता.

३

आता दुसरे घड्याळ पाहू. १९८७ मध्ये अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात शासनाचे अपील चार दिवस उशिरा आले होते. सर्वोच्च न्यायालयाने ते माफ केले आणि विलंबमाफीबाबत उदार दृष्टी ठेवावी, तांत्रिक कारणावरून अन्यायाला कायदेशीर रूप देऊ नये, प्रत्येक दिवसाचा हिशोब शब्दशः मागू नये अशी तत्त्वे सांगितली. तत्त्वे चांगली आहेत. त्यांतच असेही आले की शासनयंत्रणा व्यक्तिनिरपेक्ष असते, फाईल टेबलावरून टेबलावर जाते, म्हणून शासनालाही या उदारतेतून वगळू नये. पुढे या शेवटच्या वाक्याचाच पुष्कळ उपयोग झाला. भूसंपादनाच्या वाढीव मावेजाविरुद्ध शासनाची अपिले वर्षावर्षांच्या उशिराने येऊ लागली आणि 'फाईल फिरत होती' हेच कारण लिहिले जाऊ लागले.

सर्वोच्च न्यायालयाला पुढे याची जाणीव झाली, हेही नमूद केले पाहिजे. जळगाव मध्यम प्रकल्पाच्या कार्यकारी अभियंत्याने १,७२४ दिवस उशिरा केलेली अपिले औरंगाबाद खंडपीठाने दाखल करून घेतली होती. पुंडलिक जालम पाटील खटल्यात २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती विलंबमाफी रद्द केली. २०१२ मध्ये टपाल खात्याच्या ४२७ दिवसांच्या विलंबाच्या प्रकरणात न्यायालयाने सांगितले की शासनासाठी वेगळी मुदत नाही. २०२० मध्ये मध्य प्रदेश शासनाच्या ६६३ दिवसांच्या विलंबावर २५,००० रुपये खर्च बसवला आणि अधिकारी स्वतःला वाचवण्यापुरते अपील करतात, फेटाळल्याचा कागद मिळाला की मोकळे होतात, या पद्धतीवर बोट ठेवले. तरीही कर्नाटकात गृहनिर्माण मंडळाचा ३,९६६ दिवसांचा विलंब उच्च न्यायालयाने माफ केलाच. तो रद्द करण्यासाठी संबंधित बाईला दिल्ली गाठावी लागली आणि निकाल लागला सप्टेंबर २०२५ मध्ये.

यावरून पूर्वनिर्णयाच्या तत्त्वाची खरी स्थिती कळते. राज्यघटनेचा अनुच्छेद १४१ सांगतो की सर्वोच्च न्यायालयाने घोषित केलेला कायदा देशातील सर्व न्यायालयांवर बंधनकारक आहे. परंतु १९८७ ची उदारता आणि २०१२ ची कठोरता हे दोन्ही कायदेच आहेत. समोर पक्षकार कोण आहे, वकील कोण आहे, यावर कोणता दाखला पुढे येईल हे ठरते. मोठ्या वकिलाजवळ दोन्ही बाजूंचे दाखले असतात. आमच्या माणसाजवळ पुष्कळदा निकालाची नक्कलही नसते.

४

मावेजाच्या प्रश्नातही दोन परंपरा शेजारी शेजारी उभ्या आहेत. तुकाराम काना जोशी खटल्यात ठाणे जिल्ह्यातील शिरवणे येथील शेतकऱ्यांची जमीन १९६४ च्या अधिसूचनेनंतर औद्योगिक कामासाठी घेतली गेली आणि काहींना मावेजाच मिळाला नाही. उच्च न्यायालयाने उशिराच्या कारणावरून त्यांना परत पाठवले. २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की विलंबाचे तत्त्व हा अढळ नियम नाही. निरक्षर माणसांची जमीन कायद्याविना घ्यायची आणि मग उशीर झाला म्हणायचे, हे चालणार नाही. विद्यादेवी विरुद्ध हिमाचल प्रदेश या खटल्यात एका निरक्षर विधवेची जमीन १९६७-६८ मध्ये रस्त्याखाली गेली होती. ती न्यायालयात आली २०१० मध्ये. म्हणजे दिगंबरच्या दुप्पट उशिराने. शासनाने तर आपण इतकी वर्षे ताब्यात आहोत, म्हणून जमीन आपलीच, असाही पवित्रा घेतला. ८ जानेवारी २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला आणि मावेजा देण्याचा आदेश दिला.

वीस वर्षांचा उशीर अक्षम्य आणि चाळीस वर्षांचा क्षम्य, हे कसे? फरक वर्षांत नाही, हे उघड आहे. एका निकालात अर्जदार हा लोककल्याणाच्या कामाचा लाभार्थी म्हणून दिसतो. दुसऱ्यात ती बळजबरीने घेतलेल्या जमिनीची निरक्षर मालकीण म्हणून दिसते. दुष्काळी कामावर अंगठा उठवणाऱ्या शेतकऱ्याची संमती किती खुली असते, पोटात अन्न नसताना दिलेल्या होकाराला संमती म्हणायचे का, हा प्रश्न पहिल्या निकालाने विचारात घेतला असता तर त्यातला माणूस वेगळा दिसला असता. निकाल कायद्याइतकाच या चित्रणावरही ठरतो. म्हणून अर्जात आपण आपल्या माणसाचे चित्र कसे उभे करतो, याला फार महत्त्व आहे.

दिगंबर निकालातला आणखी एक मुद्दा कार्यकर्त्यांनी बारकाईने वाचावा. तशाच इतर प्रकरणांत शासनाने अपील केले नव्हते, काही प्रकरणांत केलेले अर्ज सर्वोच्च न्यायालयाने सुरुवातीलाच फेटाळले होते. तरी त्यामुळे या प्रकरणात अपील करण्यास शासनाला आडकाठी येत नाही, असे न्यायालयाने म्हटले. कायद्याच्या भाषेत हे बरोबर असेल. पण त्याचा परिणाम असा की एकाच दुष्काळात, एकाच प्रकारच्या कामात जमीन गेलेल्या दोघांपैकी ज्याच्याविरुद्ध शासन वर गेले नाही त्याचा मावेजा कायम आणि ज्याच्याविरुद्ध गेले त्याचा बुडाला. समान परिस्थितीत समान न्याय हाच पूर्वनिर्णयाच्या तत्त्वाचा आत्मा आहे. येथे तो आत्मा शासनाच्या निवडीवर सोडला गेला.

याच्या उलट दिशेने जाणारी एक तरतूद कायद्यातच होती. जुन्या भूसंपादन कायद्यात १९८४ साली कलम २८-अ आले. शेजाऱ्याने न्यायालयात जाऊन वाढीव मावेजा मिळवला, तर त्याच अधिसूचनेखाली जमीन गेलेल्या, पण दारिद्र्यामुळे वा अज्ञानामुळे न्यायालयात न गेलेल्या माणसालाही तीन महिन्यांत अर्ज करून तोच दर मागता येतो. २०१३ च्या नव्या कायद्यात हीच तरतूद कलम ७३ मध्ये आहे. गप्प राहणारा माणूस हक्क सोडत नाही, त्याला फक्त वाट ठाऊक नसते, हे येथे संसदेने मान्य केले. न्यायालयाने हेच तत्त्व दुष्काळी कामांना लावण्यास काय हरकत होती?

५

दलित वाचक विचारील, हा शेतकऱ्याच्या मावेजाचा प्रश्न. तो आपल्या पत्रिकेत कशाला? उत्तर असे की विलंबाचे तत्त्व एकदा कठोर झाले की त्याचा घाव सर्वांत आधी ज्याच्याजवळ कागद नाही त्याच्यावर पडतो. सातबाऱ्यावर नाव असलेला शेतकरी निदान उशिरा तरी न्यायालयात जाऊ शकला. गायरान कसणाऱ्या आमच्या माणसाचे नाव मालकी रकान्यात नसते. १४ एप्रिल १९९० पर्यंतची भूमिहीनांची अतिक्रमणे नियमित करण्याचा शासन निर्णय २८ नोव्हेंबर १९९१ चा आहे. त्याचा लाभ मागतानाही पहिला प्रश्न येतो तो पुराव्याचा आणि दुसरा, इतकी वर्षे कोठे होता?

धाराशिव जिल्ह्याची हद्द ओलांडली की कर्नाटक लागते. तेथे अनुसूचित जाती-जमातींना शासनाने दिलेल्या जमिनी इतरांनी विकत घेतल्या तर त्या परत मिळवून देणारा १९७८ चा कायदा आहे. त्या कायद्यात अर्जासाठी मुदत नव्हती. २०१७ मध्ये नेक्कंटी रामलक्ष्मी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मुदत नसली तरी अर्ज वाजवी काळात आला पाहिजे. सुमारे पाव शतकाने आलेला अर्ज वाजवी नाही. हा दाखला पुढे असंख्य प्रकरणांत दलित अर्जदारांविरुद्ध लावला गेला. तेथील दलित संघटनांनी आंदोलन केले आणि २०२३ मध्ये विधिमंडळाने कायदा दुरुस्त करून लिहिले की या कायद्याखाली अर्ज करण्यास काळाची मर्यादा नाही. तरी २०२४ मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने वाजवी काळाचे तत्त्व कायम असल्याचे म्हटले. विधिमंडळाने दार उघडले, पूर्वनिर्णयाने ते पुन्हा लोटले.

पण मुदतीचे तत्त्व मुळातच नको, असे मात्र आपण म्हणू नये. सीलिंगमधून मिळालेली जमीन एखादा दलित तीस वर्षे कसतो आहे आणि जुन्या जमीनदाराचा नातू अचानक जुनी कागदपत्रे घेऊन उभा राहतो, तेव्हा हेच तत्त्व आपले रक्षण करते. महाडच्या चवदार तळ्याचा खटला आठवावा. डिसेंबर १९२७ मध्ये स्पृश्यांनी बाबासाहेब आंबेडकर व त्यांच्या सहकाऱ्यांविरुद्ध दावा लावला. अस्पृश्यांना तळ्यावर न येऊ देण्याची वहिवाट अनादि काळापासूनची आहे, हा त्यांचा आधार होता. मुंबई उच्च न्यायालयाने १७ मार्च १९३७ रोजी सांगितले की ती वहिवाट अनादि असल्याचे सिद्ध झालेले नाही. काळाचा दावा सवर्णांनी केला आणि न्यायालयाने त्यांच्याकडे काळाचा पुरावा मागितला. हीच खरी कसोटी आहे. जो काळाच्या आधारावर दुसऱ्याचा हक्क नाकारतो, त्याच्याकडे त्या काळाचा हिशोब मागितला पाहिजे. शासन 'वीस वर्षे झाली' म्हणते तेव्हा त्या वीस वर्षांत शासनाने मोजणी का केली नाही, नोटीस का दिली नाही, मावेजा का ठरवला नाही, हे आधी विचारले जावे. पाण्याच्या या खटल्याला स्वतः दहा वर्षे लागली, हेही विसरू नये. न्यायालयाच्या स्वतःच्या विलंबाला माफीचा अर्ज करावा लागत नाही.

६

विलंबमाफीच्या अर्जात 'पुरेसे कारण' लिहावे लागते. बहुतेक अर्जांत ठरावीक दोन ओळी असतात, अर्जदार अडाणी व गरीब आहे, त्याला कायद्याची माहिती नव्हती. या दोन ओळींनी कोणाचेही मन वळत नाही. दलित आत्मकथनांनी मराठी वाचकाला जे वास्तव पटवले ते गोळीबंद शब्दांनी पटवले नाही; गाव, वर्ष, उपास, मार, स्थलांतर असा तपशील सांगून पटवले. तोच तपशील शपथपत्रात आला पाहिजे. कोणत्या वर्षी ऊसतोडीला गेलो, तलाठ्याकडे किती वेळा गेलो, नक्कल कधी मागितली, कधी मिळाली, बहिष्कार कधी पडला, हे तारीखवार लिहिले तर न्यायाधीशाला दिगंबरचा दाखला बाजूला ठेवून विद्यादेवीचा दाखला हाती घेण्यास आधार मिळतो.

म्हणून कार्यकर्त्यांनी आणि शिक्षकांनी काही गोष्टी पाठ कराव्यात. जिल्हा न्यायालयात पहिले दिवाणी अपील करायला साधारणतः ३० दिवस आणि उच्च न्यायालयात ९० दिवस असतात. नक्कल मिळण्यास लागलेला काळ त्यातून वजा होतो, म्हणून नक्कलेचा अर्ज निकालाच्या दिवशीच करावा आणि पोच जपावी. शेजाऱ्याचा वाढीव मावेजा ठरला की तीन महिन्यांच्या आत अर्ज द्यावा. अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली विशेष न्यायालयाच्या निकालाविरुद्ध अपिलाची मुदत ९० दिवस आहे, आणि १८० दिवसांनंतर अपील घेऊ नये असे कलम १४-अ म्हणते. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०१८ मध्ये ती अट रद्द ठरवली असली तरी त्या भरवशावर कोणी बसू नये. अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. अर्ज तालुका वा जिल्हा विधी सेवा कार्यालयात द्यायचा असतो.

ही व्यावहारिक बाजू झाली. मागणीची बाजू वेगळी आहे. निरक्षरता, दारिद्र्य आणि सामाजिक बहिष्कार यांना मुदतीच्या कायद्यात असमर्थता म्हणून स्थान मिळाले पाहिजे. शासनाच्या विलंबाची किंमत खर्चाच्या रूपाने जबाबदार अधिकाऱ्याकडून वसूल झाली पाहिजे. आणि कायद्याविना घेतलेल्या जमिनीच्या प्रकरणात शासनाला विलंबाची हरकत घेताच येऊ नये. बेंबळीच्या शिवारात आज ज्या रस्त्यावरून एस.टी. धावते, तसे कितीतरी रस्ते बहात्तरच्या खडीवर उभे आहेत. ती खडी कोणी फोडली आणि तिच्याखाली कोणाची जमीन गेली, याची नोंद गावोगाव जुनी माणसे हयात आहेत तोवरच करून घेतली पाहिजे. उद्या न्यायालयात ती नोंदच पुरावा म्हणून उभी करावी लागणार आहे.